पुस्तकांवर पैसा लावणारा माणूस : निर्माता इस्माईल मर्चंट

साहित्यकृतीचे माध्यमांतर हा विषय आता मराठीच्या पदव्युत्तर वर्गांत चांगलाच रुळला आहे. कादंबरीतले निवेदन पडद्यावर येताना त्याचे काय होते, पात्राच्या मनातले बोल कॅमेरा कसे दाखवतो, काय गाळले जाते आणि काय नव्याने येते, याची चर्चा वर्गात होते, चर्चासत्रांत होते, प्रबंधांतही होते. या चर्चेत लेखक असतो, पटकथाकार असतो, दिग्दर्शक तर असतोच. नसतो तो निर्माता. चित्रपटासाठी लागणारा पैसा कोठून तरी आपोआप येतो आणि खरी निर्मिती त्यानंतर सुरू होते, असे आपण नकळत गृहीत धरलेले असते. आमच्या मते ही उणीव किरकोळ नाही. असंख्य कादंबऱ्यांपैकी नेमकी कोणती पडद्यावर यायची, हा माध्यमांतरातला पहिला निर्णय असतो. तो वाङ्मयीन निर्णय तर असतोच. शिवाय तो व्यवहाराचाही असतो. हे दोन्ही निर्णय एकाच माणसाने आयुष्यभर घेतल्याचे ठळक उदाहरण म्हणून आम्हांला इस्माईल मर्चंट यांच्या कारकिर्दीचा इतिहास मांडावासा वाटतो.

हेन्री जेम्स, ई. एम. फॉर्स्टर, जीन ऱ्हिस, काझुओ इशिगुरो, अनिता देसाई, व्ही. एस. नायपॉल ही नावे साहित्याच्या अभ्यासकाला एखाद्या अभ्यासक्रमाच्या यादीसारखी वाटतील. वस्तुतः ही एका स्वतंत्र निर्मात्याने चार दशकांत ज्यांच्या साहित्यकृतींवर पैसा लावला त्या लेखकांची नावे आहेत. हा निर्माता मुंबईत जन्मला, मुंबईत शिकला आणि मुंबईच्याच मातीत पुरला गेला.

इस्माईल मर्चंट यांचा जन्म २५ डिसेंबर १९३६ रोजी मुंबईत एका मुस्लिम व्यापारी कुटुंबात झाला. सहा बहिणींमध्ये ते एकुलते एक भाऊ. वडील कापडाचे व्यापारी होते आणि मुस्लिम लीगच्या राजकारणातही होते. नऊ वर्षांच्या इस्माईलने एका राजकीय सभेत हजारोंच्या समुदायापुढे भाषण केल्याची नोंद आहे. मोठ्या जमावासमोर उभे राहून त्याला आपल्याकडे वळवून घेण्याची हातोटी त्या वयातच अंगी आली असावी. फाळणीच्या वेळी या कुटुंबाने पाकिस्तानात जाण्याचे नाकारले. त्या काळातल्या दंगलींची आणि रक्तपाताची आठवण मर्चंट यांच्या मनातून कधी पुसली गेली नाही.

चित्रपटाची दीक्षा मिळाली ती अभिनेत्री निम्मी यांच्यामुळे. त्यांची या कुटुंबाशी ओळख होती. १९४९ साली ‘बरसात’ प्रदर्शित झाला तेव्हा लहानगा इस्माईल निम्मींबरोबर मोटारीतून त्या समारंभाला गेला आणि वाटेत त्यांच्यावर फुलांचा वर्षाव झाला, ही हकिगत मर्चंट पुढे आवडीने सांगत. सेंट झेवियर्स महाविद्यालयात शिकताना ते कार्यक्रम भरवू लागले. इथे एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. चित्रपटाच्या मोहात पडलेली बहुतेक मुले नट व्हायला निघतात. थोडी दिग्दर्शक व्हायला. कार्यक्रम घडवून आणणारा, माणसे एकत्र बांधणारा, हिशेब जुळवणारा व्हावे असे फार थोड्यांना वाटते. मर्चंट यांना ते वाटले आणि त्यासाठी १९५८ साली ते न्यूयॉर्कला व्यवसाय प्रशासन शिकायला गेले. शिकताना ते संयुक्त राष्ट्रसंघाच्या कार्यालयात निरोप्याचे काम करीत आणि त्या निमित्ताने भेटणाऱ्या बड्या मंडळींपुढे आपल्या योजना मांडीत.

पहिली निर्मिती ‘द क्रिएशन ऑफ वुमन’ हा लघुपट. स्त्रीच्या निर्मितीविषयीच्या एका भारतीय पुराणकथेवर तो आधारलेला होता. ऑस्करच्या स्पर्धेत उतरण्यासाठी तो लॉस एंजेलिसच्या चित्रपटगृहात काही दिवस लागलेला असणे आवश्यक होते. मर्चंट यांनी तिथल्या एका चित्रपटगृहाच्या मालकाला गळ घातली आणि बर्गमनच्या चित्रपटाबरोबर आपला लघुपट दाखवायला लावले. त्याला नामांकन मिळाले. हा लघुपट घेऊन कान महोत्सवाला जाताना १९६१ साली न्यूयॉर्कमध्ये त्यांनी भारतीय लघुचित्रांवरचा ‘द सोर्ड अँड द फ्लूट’ हा माहितीपट पाहिला आणि त्याचे दिग्दर्शक जेम्स आयव्हरी यांच्याशी त्यांची गाठ पडली. त्याच वर्षी दोघांनी ‘मर्चंट आयव्हरी प्रॉडक्शन्स’ ही संस्था काढली. भारतात इंग्रजी चित्रपट काढून ते जगभर दाखवायचे, असा त्यांचा इरादा होता.

तिसरी व्यक्ती दिल्लीत होती. रूथ प्रावर झाबवाला या जर्मनीतल्या कोलोन शहरात १९२७ साली जन्मलेल्या ज्यू लेखिका. नाझींच्या राजवटीतून सुटून त्यांचे कुटुंब इंग्लंडला गेले, आणि १९५१ साली पारशी वास्तुविशारद सायरस झाबवाला यांच्याशी विवाह करून त्या दिल्लीला आल्या. १९६० साली त्यांची ‘द हाउसहोल्डर’ ही कादंबरी प्रसिद्ध झाली. मर्चंट यांनी दूरध्वनी केला तेव्हा आपण स्वतः नसून आपली सासू बोलत आहोत, असे भासवून बाईंनी त्यांना टाळण्याचा प्रयत्न केला होता. आपण कधी पटकथा लिहिलेली नाही, अशी अडचणही त्यांनी पुढे केली. मर्चंट यांचे उत्तर असे की, आपणही कधी मोठा चित्रपट निर्माण केलेला नाही आणि आयव्हरींनी कथापट दिग्दर्शित केलेला नाही. या बिनतोड उत्तरातून सुरू झालेले त्रिकूट चाळीसहून अधिक वर्षे टिकले.

‘द हाउसहोल्डर’ (१९६३) मध्ये दिल्लीतल्या एका नवविवाहित शिक्षकाची गोष्ट आहे. शशी कपूर आणि लीला नायडू प्रमुख भूमिकांत होते, आणि मुलाच्या संसारात लुडबूड करणारी आई रंगवली होती दुर्गाबाई खोटे यांनी. मराठी प्रेक्षकाला ओळखीचा हा चेहरा या संस्थेच्या पहिल्याच कथापटात आहे, याची आठवण आपल्याकडे क्वचितच काढली जाते. छायालेखक सुब्रत मित्र हे सत्यजित राय यांच्या चमूतले. चित्रपटाचे संकलन मनाजोगे होईना, तेव्हा राय यांनी स्वतः हात घालून त्याची नव्याने जुळणी करून दिली. चित्रपट इंग्रजीत आणि ‘घरबार’ या नावाने हिंदीत, असा दोन भाषांत चित्रित झाला.

या चित्रपटाच्या अर्थव्यवहाराकडे जरा तपशिलाने पाहायला हवे. परकीय चलनावरच्या निर्बंधांमुळे अमेरिकन चित्रपट कंपन्यांना भारतातली आपली सगळी कमाई मायदेशी नेता येत नसे. त्यांचे रुपये इथेच अडकून पडत. त्या गोठलेल्या रुपयांचे काय करावे हा कंपन्यांपुढचा प्रश्न होता. मर्चंट यांनी त्यात भांडवल पाहिले. ‘कोलंबिया’ कंपनीने ‘द हाउसहोल्डर’चे वितरणाचे हक्क घेतले ते या अडकलेल्या रुपयांतून. नेहरूकालीन अर्थधोरण, हॉलिवूडची भारतातली कमाई आणि दिल्लीत बसून इंग्रजीत लिहिणाऱ्या लेखिकेची एक कादंबरी या तीन गोष्टींचा परस्परांशी काही संबंध असेल असे कोणाला स्वप्नातही वाटले नसते. तो संबंध निर्मात्याने जोडला. कलेच्या इतिहासात अर्थकारण हे केवळ पार्श्वभूमी म्हणून येत नाही, कधीकधी ते कृतीला जन्मच देते, याचे इतके स्वच्छ उदाहरण आम्हांला दुसरे आठवत नाही.

पुढचा चित्रपट ‘शेक्सपिअरवाला’ (१९६५). जेफ्री केंडल यांची ‘शेक्सपिअराना’ ही नाटकमंडळी गावोगावच्या शाळांतून, संस्थानिकांच्या वाड्यांतून शेक्सपिअरचे प्रयोग करीत भारतभर हिंडली. केंडल यांच्या रोजनिशीचा आधार घेऊन, खुद्द केंडल पतिपत्नी आणि त्यांची धाकटी मुलगी फेलिसिटी यांनाच प्रमुख भूमिका देऊन हा चित्रपट झाला. थोरल्या कन्या जेनिफर म्हणजे शशी कपूर यांच्या पत्नी. खर्च सुमारे ८० हजार डॉलर. रंगीत फिल्म परवडण्यासारखी नव्हती म्हणून चित्रपट कृष्णधवल झाला, आणि आज पाहताना तेच त्याचे सौंदर्य वाटते. संगीत राय यांनी दिले. बर्लिन महोत्सवात मधुर जाफरी यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले. त्यांनी साकारली होती हिंदी चित्रपटातली नटी. एकीकडे प्रेक्षक गमावत चाललेली शेक्सपिअरची नाटके आणि दुसरीकडे जिच्या एका दर्शनाने सभागृहाचे लक्ष रंगमंचावरून उडते अशी ही तारका, हा या चित्रपटातला ताण आहे. ‘बरसात’च्या दिवशी फुलांत न्हाऊन निघालेल्या मुलानेच मोठेपणी या प्रसंगाची दुसरी बाजू पडद्यावर आणावी, हे लक्षणीय आहे. साहित्याला प्रेक्षक उरतो की नाही, हा प्रश्न मर्चंट यांच्या कारकिर्दीत अगदी आरंभापासून आहे.

त्यानंतरचा काळ ओढगस्तीचा. ‘ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्स’च्या भांडवलावर केलेला ‘द गुरू’ (१९६९) चालला नाही. ‘बॉम्बे टॉकी’ (१९७०) मध्ये हिंदी चित्रसृष्टीचेच चित्रण होते. त्यालाही व्हावे तसे स्वागत लाभले नाही. अमेरिकेत केलेल्या काही चित्रपटांचीही हीच गत झाली. १९७५ साली झाबवाला यांना ‘हीट अँड डस्ट’ या कादंबरीसाठी बुकर पारितोषिक मिळाले. त्याच सुमारास त्या दिल्ली सोडून न्यूयॉर्कला राहायला गेल्या. आयव्हरी आणि मर्चंट राहत त्याच इमारतीत. १९७९ साली हेन्री जेम्सच्या कादंबरीवरचा ‘द युरोपियन्स’ आला आणि या संस्थेला आपली वाट सापडली. जीन ऱ्हिसच्या कादंबरीवरचा ‘क्वार्टेट’ (१९८१), मग ‘हीट अँड डस्ट’ (१९८३), पुन्हा जेम्सचा ‘द बोस्टनियन्स’ (१९८४) अशी मालिका सुरू झाली.

मर्चंट यांची काम करण्याची रीत या काळात पक्की झाली. मोठ्या स्टुडिओकडून एकरकमी भांडवल घेतले की पुस्तकही तो ठरवणार, नटही तो ठरवणार आणि शेवटही तोच बदलणार. म्हणून पैसा एका ठिकाणाहून घ्यायचा नाही. थोडा दूरचित्रवाहिनीकडून, थोडा एखाद्या देशातल्या वितरकाकडून आगाऊ, थोडा हौशी धनिकांकडून, थोडा उधारीवर, असा तो गोळा करायचा. आणि सगळा जमण्याची वाट न पाहता चित्रण सुरू करायचे. एकदा चित्रण सुरू झाले की पैसे देणाऱ्यालाही माघार घेणे जड जाते, हे त्यांनी ओळखले होते. नेपथ्य उभारण्याऐवजी खरेखुरे जुने वाडे, हवेल्या, बागा मिळवायच्या. नटांना बाजारभावापेक्षा कमी मानधन द्यायचे, पण असा संहितेचा ऐवज द्यायचा की नामवंत नट आपणहून यावेत. आणि या सगळ्यावर मर्चंट यांच्या हातचे जेवण. चित्रणस्थळी ते स्वतः पदर खोचून सर्व चमूसाठी रस्सा, डाळ, भात रांधीत. त्यांची पाककृतींची पुस्तकेही निघाली. या जेवणावळी म्हणजे केवळ आतिथ्य नव्हते. रखडलेल्या पगाराने नाराज झालेल्या माणसांना धरून ठेवण्याचा तो एक उपायही होता.

या रीतीची काळी बाजू झाकून ठेवण्यात अर्थ नाही. ‘हीट अँड डस्ट’चे चित्रण हैदराबादेत चालू असताना पैसा संपला आणि लोकांचे पगार अडकले. मर्चंट यांच्याबरोबर काम केलेल्या अनेकांनी थकलेल्या देण्यांच्या, चुकवलेल्या भेटींच्या आणि गोड बोलून लांबवलेल्या वायद्यांच्या हकिगती सांगितल्या आहेत. २०२३ साली आलेल्या स्टीफन सूसी यांच्या ‘मर्चंट आयव्हरी’ या माहितीपटातही त्या येतात. त्यातले बहुतेक जण हसत हसत आणि प्रेमानेच बोलतात, हे खरे. परंतु इतिहासाच्या अभ्यासकाने विचारायला हवे की, या स्वातंत्र्याची किंमत कोणी मोजली? नामवंत नटाला कमी मानधन हा प्रतिष्ठेचा सौदा ठरू शकतो. दिवे उचलणाऱ्या, कपडे शिवणाऱ्या माणसाला तो सौदा नसतो. आपल्याकडे नाटकमंडळ्यांच्या आणि नियतकालिकांच्या इतिहासातही हेच आढळते. ध्येयाच्या नावाने चाललेल्या उपक्रमात सर्वांत शेवटी पैसे मिळतात ते सर्वांत खालच्या माणसाला. मर्चंट यांचे मोठेपण मान्य करतानाच ही नोंद करणे आम्हांला आवश्यक वाटते.

१९८५ साली फॉर्स्टरच्या कादंबरीवरचा ‘अ रूम विथ अ व्ह्यू’ तयार झाला. खर्च सुमारे ३० लाख डॉलर. एकट्या अमेरिकेत त्याने २ कोटी डॉलरहून अधिक मिळवले. आठ ऑस्कर नामांकने आणि तीन पारितोषिके त्याला लाभली. त्यांतले एक झाबवाला यांच्या पटकथेला होते. एकदम शेकडो चित्रपटगृहांतून झळकवण्याऐवजी मोजक्या ठिकाणी लावून, तोंडी कीर्तीने हळूहळू प्रेक्षक वाढवायचा, ही पद्धत इथे फळाला आली. चोखंदळ वाचकाइतकाच चोखंदळ प्रेक्षक अस्तित्वात असतो, फक्त त्याच्यापर्यंत पोचायला वेळ द्यावा लागतो, ही मर्चंट यांची श्रद्धा आकड्यांनी खरी ठरवली.

एवढ्या यशानंतर दुसरा कोणी निर्माता तसाच आणखी एक प्रसन्न चित्रपट काढता. मर्चंट यांनी ‘मॉरिस’ (१९८७) काढला. दोन पुरुषांमधल्या प्रेमाची ही कादंबरी फॉर्स्टरने १९१३-१४ मध्ये लिहिली, पण हयातीत प्रसिद्ध केली नाही; ती आली १९७१ साली, त्याच्या मृत्यूनंतर. फॉर्स्टरच्या वाङ्मयाचे हक्क केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजकडे होते. ही कादंबरी कमी दर्जाची आहे, तिच्यामुळे लेखकाच्या कीर्तीला बाध येईल, असे वाटून ते आरंभी अनुमती द्यायला फारसे राजी नव्हते. झाबवाला आपल्या कादंबरीत गुंतलेल्या होत्या. म्हणून पटकथा आयव्हरी आणि किट हेस्केथ-हार्वी यांनी लिहिली. एड्सच्या भयाने समलिंगी माणसांविषयीचा तिरस्कार वाढलेला असताना, शेवट सुखाचा असलेली ही प्रेमकथा पडद्यावर आणण्याला धैर्य लागत होते. व्हेनिस महोत्सवात आयव्हरी यांना रौप्य सिंह मिळाला आणि जेम्स विल्बी व ह्यू ग्रँट यांना अभिनयाचे पारितोषिक विभागून मिळाले. मर्चंट आणि आयव्हरी हे व्यवसायाप्रमाणेच आयुष्यातलेही जोडीदार होते. आयव्हरी यांनी याविषयी मोकळेपणाने लिहिले-सांगितले ते मर्चंट यांच्या निधनानंतर बऱ्याच वर्षांनी. ‘मॉरिस’ची निवड ही निर्मात्याचे आत्मचरित्रच म्हणावी असे आम्ही सुचवणार नाही, परंतु कोणते पुस्तक पडद्यावर आणायचे हा निर्णय किती खोलवरून येऊ शकतो, याची जाणीव त्यातून होते.

‘हॉवर्ड्स एंड’ (१९९२) हा या वाटचालीचा कळस. खर्च सुमारे ८० लाख डॉलर, नऊ नामांकने, तीन ऑस्कर. एमा थॉम्पसन सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरल्या आणि झाबवाला यांना दुसऱ्यांदा पटकथेचे पारितोषिक मिळाले. बुकर आणि ऑस्कर हे दोन्ही मान मिळवणारी दुसरी व्यक्ती नाही. पुढच्याच वर्षी इशिगुरोच्या कादंबरीवरचा ‘द रिमेन्स ऑफ द डे’ आला. त्याला आठ नामांकने मिळाली, पारितोषिक एकही नाही. तरीही आमच्या मते या संस्थेचे सर्वांत परिपक्व काम ते हेच. आयुष्यभर दुसऱ्याच्या घराची निगा राखता राखता स्वतःचे जगणे हरवून बसलेल्या बटलरची ती गोष्ट आहे.

या चित्रपटांवर टीकाही खूप झाली. ब्रिटनमध्ये ‘वारसापट’ अशी एक कोटीच समीक्षकांनी कल्पिली. जुने वाडे, रेशमी पोशाख, चहाचे पेले यांच्या झगमगाटात साम्राज्याचा आणि वर्गभेदाचा कटू इतिहास हरवून जातो, मूळ कादंबरीतला उपरोध दृश्यांच्या देखणेपणात विरघळतो, असा हा आक्षेप. दिग्दर्शक ॲलन पार्कर यांनी या प्रकाराला फुलाफुलांच्या छापील कापडासाठी प्रसिद्ध असलेल्या लॉरा ॲश्ली या दुकानाचे नाव देऊन त्याची थट्टा केली होती. आक्षेपात तथ्य नाही असे नाही. काही दृश्यांत कॅमेरा माणसांपेक्षा भिंतींवर अधिक रेंगाळतो. पण एक गोष्ट टीकाकारांच्या नजरेतून निसटते. ज्यांच्यावर इंग्रजी वारशाचे गोडवे गाण्याचा आरोप झाला ते तिघेही इंग्रज नव्हते. एक मुंबईचा मुसलमान, एक अमेरिकन, आणि एक जर्मनीतून परागंदा झालेली व चोवीस वर्षे दिल्लीत संसार केलेली ज्यू लेखिका. बाहेरच्याला घर जितके नीट दिसते तितके घरातल्याला दिसत नाही. ‘हॉवर्ड्स एंड’मध्ये घर कोणाचे, हा प्रश्न आहे, ‘द रिमेन्स ऑफ द डे’मध्ये दुसऱ्याच्या घरात आयुष्य घालवल्याची व्यथा आहे. हे विषय या तिघांनी वारंवार निवडले, यात योगायोग नाही. प्रस्थापित संस्कृतीची पुस्तके परक्याने हाती घेतली की त्या पुस्तकांतले परकेपण वर येते. हा मुद्दा आपल्याकडच्या भाषांतरविचारालाही लागू पडावा.

‘द रिमेन्स ऑफ द डे’मागे ‘कोलंबिया’चे भांडवल होते. यानंतर बड्या कंपन्यांची दारे उघडली. ‘जेफर्सन इन पॅरिस’ (१९९५) डिस्नेच्या छायेत झाला आणि ‘सर्व्हायव्हिंग पिकासो’ (१९९६) ‘वॉर्नर ब्रदर्स’साठी. दोन्ही चित्रपट ना समीक्षकांना रुचले ना प्रेक्षकांना. पैसा आला म्हणून दर्जा घसरला, असे सोपे समीकरण मांडण्याचे कारण नाही. पण टंचाईमुळे जी काटकसर, जी सावध निवड आणि जी जवळीक कामात येत होती ती विपुलतेत टिकली नाही, एवढे खरे.

याच काळात मर्चंट यांनी स्वतः दिग्दर्शनाला हात घातला. मुंबईच्या पवनपूल वस्तीतल्या गाणाऱ्या-नाचणाऱ्या स्त्रियांवर ‘द कोर्टिझन्स ऑफ बॉम्बे’ (१९८३) हा चित्रपट त्यांनी पूर्वी केला होता. १९९३ साली त्यांनी अनिता देसाई यांच्या १९८४ च्या ‘इन कस्टडी’ या कादंबरीवर ‘मुहाफ़िज़’ हा उर्दू चित्रपट काढला. आमच्यासारख्या भाषा शिकवणाऱ्यांनी तो आवर्जून पाहावा. देवेन हा लहान गावातल्या महाविद्यालयात हिंदी शिकवणारा प्राध्यापक. पोटासाठी हिंदी, मनाने उर्दू. नूर या थोर पण खंगलेल्या शायराची मुलाखत घ्यायची संधी त्याला मिळते. शायर मद्यात आणि खुशमस्कऱ्यांच्या गराड्यात बुडालेला, दोन बायकांची भांडणे, हाती आलेले ध्वनिमुद्रणयंत्र धड चालत नाही, मुद्रणाला पैसा पुरत नाही. अखेर देवेनच्या हाती काही धड मुलाखत लागत नाही. लागते ती जबाबदारी. एका भाषेचा, एका काव्याचा तो राखणदार होऊन बसतो. शशी कपूर यांनी नूर आणि ओम पुरी यांनी देवेन उभा केला. नूरचे काव्य म्हणून फ़ैज़ अहमद फ़ैज़ यांच्या रचना योजल्या. चित्रण भोपाळमध्ये झाले. शशी कपूर यांना राष्ट्रीय पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला आणि कलादिग्दर्शनाचा पुरस्कार सुरेश सावंत यांना.

देवेनची धडपड ही वस्तुतः निर्मात्याची धडपड आहे. यंत्र भाड्याने आणणे, खोली मिळवणे, कॉलेजच्या व्यवस्थापनाकडून चार पैसे मंजूर करून घेणे, लहरी कलावंताला खुर्चीवर बसते करणे, आणि एवढे करून यंत्रावर नुसती खरखर उमटलेली ऐकणे. वाङ्मयाचे जतन हे वाङ्मयाच्या प्रेमाने होत नाही. त्यासाठी कोणाला तरी हिशेबाच्या, मिनतवारीच्या, मानहानीच्या कामात उतरावे लागते. तीस वर्षे हेच करीत आलेल्या माणसाला ही कादंबरी स्वतः दिग्दर्शित करावीशी वाटली, याचे आम्हांला आश्चर्य वाटत नाही.

पुढे नायपॉलच्या १९५७ च्या पहिल्या प्रकाशित कादंबरीवरचा ‘द मिस्टिक मॅस्यूर’ (२००१) त्यांनी त्रिनिदादमध्ये जाऊन केला. २००२ साली भारत सरकारने त्यांना पद्मभूषण दिले. इशिगुरोच्या पटकथेवरचा ‘द व्हाइट काउंटेस’ पूर्ण होत असताना २५ मे २००५ रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. त्यांना मुंबईच्या मरीन लाइन्स येथील बडा कब्रस्तानात दफन करण्यात आले. झाबवाला २०१३ साली गेल्या. आयव्हरी यांना ‘कॉल मी बाय युवर नेम’च्या रूपांतरित पटकथेसाठी २०१८ साली, वयाच्या ८९व्या वर्षी, ऑस्कर मिळाले, दिग्दर्शन मात्र दुसऱ्याचे होते. मर्चंट गेल्यानंतर आयव्हरी यांनी दिग्दर्शित केलेला एकच नवा कथापट पडद्यावर आला. त्याआधीच्या चार दशकांत विसांहून अधिक आले होते. वयाचा भाग त्यात आहेच. तरीही निर्माता म्हणजे काय, याचे उत्तर या दोन आकड्यांमधल्या अंतरात बरेचसे सापडते.

मराठीत साहित्यकृतीवर स्वतःचा पैसा आणि पत पणाला लावणाऱ्यांची परंपरा नाही असे नव्हे. साने गुरुजींच्या पुस्तकावर आचार्य अत्रे यांनी १९५३ साली ‘श्यामची आई’ निर्माण केला आणि राष्ट्रपतींच्या सुवर्णपदकाचा पहिला मान मराठीला मिळाला. माधवी घारपुरे यांच्या कथेवरचा ‘श्वास’ (२००४) हाही काही जणांनी एकत्र येऊन उभा केलेला चित्रपट. पण हे चित्रपट आपण शिकवतो तेव्हा मूळ संहितेशी ते किती प्रामाणिक आहेत एवढेच विचारतो. हे पुस्तक कोणाला निवडावेसे वाटले, त्याने पैसा कोठून आणला, कोणाचा पगार थकला, कोणती दुसरी पुस्तके मागे राहिली, हे प्रश्न आपल्या टाचणांत नसतात. विद्यार्थ्यांनी प्रकल्पासाठी चित्रपट निवडताना एकदा तरी श्रेयनामावलीतल्या त्या दुर्लक्षित नावापासून सुरुवात करावी, एवढीच आमची सूचना आहे. वाङ्मयाचा इतिहास लिहिताना आपण लेखकांबरोबर प्रकाशकांचीही दखल घेऊ लागलो आहोत. पडद्यावरच्या वाङ्मयाच्या इतिहासात तीच जागा निर्मात्याची आहे, आणि ती अजून रिकामी आहे.